हरपलेला ‘सिंहगड’

पुण्याहून नैर्ऋत्येकडे नजर टाकली म्हणजे स्वच्छ दिवशीं सिंहगडाचा माथा दिसतो. इ. स. १६७० च्या फेब्रुवारी महिन्याच्या चौथ्या तारखेस, रात्रीच्या अंधारांत, त्या माथ्यावर जें घडलें तें महाराष्ट्रांतील लहान मुलांसहि ठाऊक आहे. घरचें लग्न बाजूस सारून तानाजी मालुसरे कोंढाण्यावर चढून गेला. गड हातीं आला, पण तो घेणारा वीर परत आला नाहीं. ही हकीकत पिढ्यान् पिढ्या आपणांपर्यंत येऊन पोंचली ती निरनिराळ्या वाटांनीं. पहिली वाट शाहिराच्या डफाची, दुसरी कादंबरीकाराच्या लेखणीची आणि तिसरी चित्रपटाच्या फितीची. यांपैकीं सर्वांत जुनी वाट अद्याप वाहती आहे. दुसरीहि वाहती आहे. जी सर्वांत नवी, आणि जी सर्वांत टिकाऊ ठरेल असें त्या काळच्या लोकांना वाटलें असेल, तीच मात्र बुजून गेली. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनें १९२३ सालीं काढलेला ‘सिंहगड’ हा मूकपट आज कोणासहि पाहावयास मिळत नाहीं. त्या हरपलेल्या चित्रपटाची कथा आज आपणांस सांगावयाची आहे.

प्रथम मूळ कथेकडे वळूं. तानाजीच्या पराक्रमावर तुळशीदास शाहिरानें पोवाडा रचला. तो गोंधळ्यांच्या व शाहिरांच्या तोंडीं अनेक पिढ्या राहिला, आणि १८९१ सालीं अ‍ॅक्वर्थ व शाळिग्राम यांनीं ऐतिहासिक पोवाड्यांचा जो संग्रह प्रसिद्ध केला त्यामुळें त्यास छापील रूप मिळालें. पुढें विसाव्या शतकाच्या आरंभीं हरि नारायण आपटे यांनीं ‘गड आला पण सिंह गेला’ ही कादंबरी लिहिली. हरिभाऊ हे १८६४ सालीं जन्मले. १८९० पासून ‘करमणूक’ हें साप्ताहिक त्यांनीं चालविलें, आणि मराठी वाचकास कादंबरी म्हणजे काय याची खरी ओळख करून दिली. त्यांनीं पोवाड्यांतला रोखठोक वीररस घेतला, पण त्यावर ते थांबले नाहींत. राजपूत कमलकुमारीचें दुःख, उदयभानूचा उद्दामपणा आणि गडाखालच्या मावळ्यांची निष्ठा हे तीन धागे एकत्र विणून त्यांनीं एका रात्रीच्या लढाईस दीर्घ कथानकाची भूमि मिळवून दिली.

इतिहास म्हणून पाहिलें तर या कथेंतील सर्वच गोष्टी कागदोपत्रीं टिकत नाहींत. तानाजी पडल्यावर महाराजांनीं शोकाकुल होऊन गडाचें नांव बदललें असें आपण मानतों. परंतु ‘सिंहगड’ हें नांव १६६३ सालच्या पत्रांतहि आढळतें. घोरपडीच्या साहाय्यानें कडा चढण्याचा प्रसंग पोवाड्यांतला आहे. तेव्हां चित्रपट निघाला तो इतिहासावरून थेट नव्हे, तर इतिहासावर पोवाड्यानें आणि पोवाड्यावर कादंबरीनें जो साज चढविला त्यावरून निघाला. ही गोष्ट ध्यानांत ठेवली पाहिजे. कारण हरवलेल्या कृतीविषयीं बोलतांना आपण काय निश्चित जाणतों आणि काय केवळ ऐकून आहों, यांतील सीमारेषा पुसट होऊं देणें धोक्याचें असतें.

आतां कोल्हापुराकडे येऊं. त्या शहरांत आनंदराव व बाबूराव मेस्त्री हे दोघे चुलतबंधू होते. नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविण्यांत त्यांनीं असा लौकिक मिळविला कीं, लोकांनीं त्यांचें मूळ आडनांव बाजूस ठेवून त्यांस ‘पेंटर’ हेंच नांव दिलें. १९१३ सालीं दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईंत झळकला, आणि पडद्यावर रंगविलेलें चित्र हालूं शकतें ही कल्पना या दोघां चित्रकारांच्या मनांत घर करून बसली. विलायती यंत्रें विकत घेण्याइतका पैसा गांठीं नव्हता. म्हणून छायालेखनाचें यंत्र, म्हणजे कॅमेरा, आपणच बनवावा असें त्यांनीं ठरविलें. तें काम पुरें होण्यापूर्वींच, १९१६ सालीं, आनंदराव वारले. बाबूरावांनीं विष्णुपंत दामले यांच्या मदतीनें तें तडीस नेलें. कोल्हापुरांत, देशी कारागिरांच्या हातांनीं, चित्रपटाचा कॅमेरा तयार झाला. त्या काळच्या साधनांचा विचार केला तर ही गोष्ट कोणत्याहि पराक्रमापेक्षां उणी म्हणतां यावयाची नाहीं.

महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती गायिका तानीबाई कागलकर यांनीं दिलेल्या द्रव्याच्या बळावर. कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’. तो १९२० सालच्या फेब्रुवारींत पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहांत दाखविण्यांत आला. स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनींच कराव्या असा बाबूरावांचा आग्रह होता; त्याप्रमाणें गुलाबबाई व अनसूयाबाई या दोघींनीं कमलादेवी आणि सुशीलादेवी ही नांवें घेऊन कामें केलीं. ज्या काळीं नटीचा धंदा म्हणजे कुळास बट्टा समजत, त्या काळीं त्यांनीं दाखविलेल्या धैर्याची नोंद इतिहासानें तानाजीच्या धैर्याइतकीच आवर्जून घ्यावयास हवी. ‘सैरंध्री’ पाहून लोकमान्यांनीं बाबूरावांस ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. हरिभाऊ आपटे मात्र हें पाहावयास उरले नव्हते. १९१९ च्या मार्च महिन्यांतच ते निवर्तले होते. आपल्या कादंबरींतली माणसें चालतांना-झगडतांना पाहण्याचा योग त्यांच्या नशिबीं नव्हता.

पुराणांतल्या कथा सोडून बाबूराव इतिहासाकडे वळले, तेव्हां त्यांनीं हरिभाऊंची कादंबरी हातीं घेतली. या निवडीमागें कलावंताची दृष्टि स्पष्ट दिसते. पौराणिक चित्रपटांत देव प्रगट होतात, अंतर्धान पावतात, आणि प्रेक्षक चमत्कारावर तृप्त असतो. ऐतिहासिक कथेंत तसें चालत नाहीं. तेथें कडा खराखुरा कडा वाटला पाहिजे; पागोटें, अंगरखा, ढाल, तलवार हीं त्या काळचीं वाटलीं पाहिजेत. रंगविलेला पडदा मागें टांगून त्यापुढें नट उभे करण्याची नाटकी पद्धत बाबूरावांनीं सोडून दिली व त्या जागीं भरीव, माणसें वावरतील अशा वास्तू उभ्या केल्या. ज्या माणसाचें अर्धें आयुष्य पडदे रंगविण्यांत गेलें त्यानेंच पडद्याचा त्याग करावा, हें विशेष होय. पडदा कोठें खोटा पडतो हें पडदेवाल्यावांचून दुसऱ्या कोणास इतकें ठाऊक असणार?

कादंबरीचा मूकपट करणें म्हणजे काय, याचीहि कल्पना आज आपणांस करून घेतली पाहिजे. हरिभाऊंची लेखणी बोलकी. त्यांचीं पात्रें पानेंच्या पानें संभाषण करतात; मधून मधून स्वतः लेखक पुढें येऊन वाचकाचा हात धरतो. मूकपटांत यांतलें कांहीं चालत नाहीं. तेथें बोलणें म्हणजे दोन दृश्यांच्या मध्यें येणारी एक पाटी, आणि तीहि दोनचार ओळींची. ज्याला अक्षरओळख नाहीं त्यानें शेजाऱ्याकडून ती वाचून घ्यावयाची. पडद्यापुढें पेटी-तबल्याची साथ चाले, आणि लढाई आली म्हणजे तबलजीच्या हातांसहि स्फुरण चढे. अशा स्थितींत कादंबरींतलें काय राखावें आणि काय टाकावें याचा निर्णय दिग्दर्शकास पदोपदीं करावा लागे. जें शब्दांत होतें तें मुद्रेंत, हालचालींत, छायाप्रकाशांत उतरवावयाचें. थोडक्यांत, तें भाषांतरच. पण एका भाषेंतून दुसऱ्या भाषेंत नव्हे, तर भाषेंतून मौनांत.

आणि या कथेची खरी कसोटी पुढेंच होती. सिंहगडचा प्रसंग रात्रीचा. त्या दिवसांत हिंदुस्थानांतलें बहुतेक चित्रण सूर्यप्रकाशावर अवलंबून असे. छपराशिवायच्या जागेंत पांढऱ्या कापडाच्या चांदव्याखालीं ऊन गाळून घ्यावयाचें, आणि रात्र दाखवावयाची तर फितीला निळा रंग द्यावयाचा, अशी रीत असे. बाबूरावांनीं या चित्रपटांत कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला, आणि आपल्या देशांतील तो अगदीं आरंभींचा प्रयोग म्हणून चित्रपटाच्या इतिहासकारांनीं त्याची नोंद ठेविली आहे. आज घरोघर विजेचे दिवे आहेत, म्हणून आपणांस यांत नवल वाटत नाहीं. पण त्या वेळचा प्रेक्षक घरीं कंदील लावून बसणारा. काळोखांतून उजळणारे चेहरे आणि तलवारीच्या पात्यांवर चमकून जाणारा उजेड त्यानें पडद्यावर प्रथमच पाहिला असेल, तेव्हां त्याच्या मनाची काय अवस्था झाली असेल हें कल्पनेनेंच जाणावें.

या चित्रपटांत बाळासाहेब यादव, झुंझारराव पवार, कमलादेवी यांसारखीं कंपनीचीं कसलेलीं माणसें होतीं. पण एका भूमिकेचा उल्लेख मुद्दाम केला पाहिजे. आख्यायिकेंतले शेलारमामा म्हणजे ऐंशी वर्षांचा म्हातारा. तानाजी पडल्यावर मावळ्यांस धीर देऊन उदयभानूस ठार करणारा. त्या म्हाताऱ्याचें काम ज्यानें केलें तो नट १९०१ च्या नोव्हेंबरांत जन्मलेला, म्हणजे जेमतेम एकवीस-बावीस वर्षांचा पोरगा होता. त्याचें नांव शांताराम वणकुद्रे. कंपनींत पडेल तें काम करीत करीत तो चित्रकला, छायालेखन, संकलन शिकत होता. पुढें सारा देश त्यास व्ही. शांताराम या नांवानें ओळखूं लागला.

चित्रपट अत्यंत लोकप्रिय झाला. त्याच्याविषयीं एक गोष्ट वारंवार सांगण्यांत येते: ‘सिंहगड’ला लोटलेली गर्दी पाहून सरकारचे डोळे दिपले, आणि त्यांतूनच करमणूक कराची कल्पना निघाली. मुंबई इलाख्यांतला करमणूक कराचा कायदा १९२३ सालचाच आहे, म्हणून या गोष्टीस बळ येतें. परंतु कायदे एका चित्रपटाच्या गर्दीवरून होत नसतात. महायुद्धानंतर रिकामी झालेली तिजोरी भरून काढण्याचे मार्ग सरकार शोधीतच होतें, आणि नाटक, सर्कस, शर्यती हींहि त्या कराच्या जाळ्यांत आलीं. तेव्हां ही आख्यायिका आख्यायिका म्हणूनच घ्यावी. पण आख्यायिका कोणाभोंवतीं जमतात याला अर्थ असतो. न चाललेल्या चित्रपटाभोंवतीं त्या जमत नाहींत. घोरपडीची गोष्ट जशी तानाजीच्या साहसाचें माप सांगते, तशी कराची गोष्ट ‘सिंहगड’च्या यशाचें माप सांगते.

मग असा चित्रपट नाहींसा कसा झाला? श्रोतेहो, याचें उत्तर कोण्या एका शत्रूकडे बोट दाखवून देतां येत नाहीं. पहिला अपराधी म्हणजे ती फीतच. त्या काळची फीत सेल्युलोज नायट्रेटची असे. हा पदार्थ बंदुकीच्या कापसाचा भाऊबंद. तो पेटला म्हणजे पाण्याखालींहि जळत राहतो, कारण जळण्यास लागणारा प्राणवायु त्याच्या पोटांतच असतो. पेटला नाहीं तरी तो स्वस्थ बसत नाहीं. उष्ण व दमट हवेंत त्यांतून आम्लयुक्त वायु सुटूं लागतो. तो वायु डबींत कोंडला कीं फितीचाच नाश करतो. आधीं चित्र फिकें पडतें, मग फीत चिकट होते, मग तिचे थर एकमेकांस जडून त्यांचा गोळा बनतो, आणि अखेर डबींत तपकिरी भुकटी उरते. आपल्या पावसाळ्यास हें काम करावयास फार वर्षें लागत नाहींत.

दुसरा अपराधी म्हणजे व्यवहार. चित्रपटाच्या प्रती थोड्या. त्या गांवोगांव फिरत, यंत्राच्या दांत्यांत अडकून फाटत, जोडल्या जात, आणि झिजून निकामी होत. १९३१ च्या मार्चमध्यें ‘आलम आरा’ बोलूं लागला, पुढच्याच वर्षीं ‘अयोध्येचा राजा’नें मराठी वाणी पडद्यावर आणली, आणि मूकपटास बाजारांत किंमत उरली नाहीं. मात्र फितीवरच्या चित्रांत चांदी असते. रद्दी झालेल्या फिती धुऊन ती चांदी काढून घेण्याचा उद्योग जगभर चालला, आणि आपल्या देशांतहि कितीएक मूकपटांचा शेवट असाच झाला. ज्या चांदीनें वीरांचे चेहरे उजळले, तीच चांदी शेवटीं तोळ्यामाशांच्या हिशेबानें विकली गेली.

तिसरें कारण थोडें नाजूक आहे. १९२९ सालीं दामले, फत्तेलाल, धायबर व शांताराम हे बाबूरावांची कंपनी सोडून बाहेर पडले आणि त्यांनीं कोल्हापुरांतच ‘प्रभात’ काढली. १९३३ सालीं त्याच प्रभातनें त्याच कादंबरीवरून ‘सिंहगड’ हा बोलपट काढला. दिग्दर्शक होते शांताराम, दहा वर्षांपूर्वींचे शेलारमामा! शिष्यांनीं गुरूची कथा नव्या साधनानें पुन्हां सांगावी यांत गैर कांहींच नाहीं. कलेची परंपरा अशीच वाढते. पण नवा, बोलका ‘सिंहगड’ आल्यावर जुना, मुका ‘सिंहगड’ जपून ठेवावा असें कोणास वाटावें? इकडे महाराष्ट्र फिल्म कंपनीहि लवकरच मिटली. जिची वस्तु तीच उरली नाहीं, तेव्हां वस्तूची काळजी कोण घेणार?

हा प्रकार एका ‘सिंहगड’पुरता नाहीं. हिंदुस्थानांत मूकपटांच्या काळांत तेराशेंच्या आसपास चित्रपट निघाले. त्यांपैकीं संपूर्ण किंवा तुटक स्वरूपांत जे वांचले ते मोजावयास फार वेळ लागत नाहीं. ‘राजा हरिश्चंद्र’च्या चार रिळांपैकीं पहिलें आणि शेवटचें तेवढें मिळालें. बाबूरावांचाच ‘सावकारी पाश’ हा १९२५ सालचा चित्रपट नारायण हरि आपटे यांच्या कथेवरून निघालेला. हे आपटे निराळे, हरिभाऊ नव्हेत. शेतकऱ्याचें दैन्य इतक्या सचोटीनें दाखविणारा तो मूकपटहि गेला. १९३६ सालीं बाबूरावांनीं तो बोलपटाच्या रूपानें पुन्हां केला. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें तें १९६४ सालीं, म्हणजे ‘सिंहगड’ निघाल्यावर एकेचाळीस वर्षांनीं. बाबूराव त्याच्या दहा वर्षें आधीं, १९५४ सालीं, वारले होते. आणि संग्रहालय झाल्यावरहि धोका टळला असें नाहीं. प्रभातच्या जुन्या आवारांत, जेथें आतां चित्रपट शिक्षणसंस्था आहे, तेथील नायट्रेट फितींच्या कोठारास २००३ च्या जानेवारींत आग लागली आणि शेंकडों जुन्या चित्रपटांचीं रिळें जळून गेलीं. सिंहगडच्या टप्प्यांत, पुणें शहरांत, हें घडलें.

येथें एक विचार मनांत आल्यावांचून राहत नाहीं. ज्या वर्षीं कोल्हापुरांत ‘सिंहगड’ तयार होत होता, त्याच काळांत इतिहासाचार्य राजवाडे गांवोगांव हिंडून दप्तरें गोळा करीत होते. वाण्याच्या दुकानीं पुड्या बांधावयास निघालेला कागद ते हातीं धरून वांचवीत. १९१० सालीं स्थापन झालेलें भारत इतिहास संशोधक मंडळ तें धन जतन करीत होतें. शिवकालीन कागदाचा कपटा अमोल आहे, हें महाराष्ट्रास तेव्हां पटलें होतें. परंतु त्याच शिवकालाचें हालतें चित्र हाहि एक दिवस कागदाइतकाच मोलाचा पुरावा होईल, हें त्या पिढीस सुचलें नाहीं. त्यांस दोष देण्याचा अधिकार आपणांस नाहीं. जुनें झालेलें ओळखणें सोपें असतें. जें उद्यां जुनें होणार आहे, तें आज ओळखणें कठीण.

मग ‘सिंहगड’विषयीं आपणांपाशीं उरलें काय? ज्या कादंबरीवरून तो निघाला ती आहे. कोणत्याहि ग्रंथालयांत ती मिळते. त्याच्या मागचा पोवाडा आहे. ज्यांनीं काम केलें त्यांच्या आठवणी व जुन्या नोंदी आहेत. यांवरून चित्रपटाची चौकट उभी करतां येते. चित्र मात्र उभें करतां येत नाहीं. एकवीस वर्षांचा पोरगा म्हातारा कसा दिसला, कमलादेवीच्या मुद्रेवर कमलकुमारीचें दुःख कसें उमटलें, मशालींच्या उजेडांत मावळे कसे झुंजले, हें सांगणारें एकहि जिवंत दृश्य नाहीं. आणि ज्यांनीं तें डोळ्यांनीं पाहिलें तेहि काळाच्या पडद्याआड गेले.

म्हणून शेवटीं एवढेंच सांगावयाचें. आपल्यापैकीं कोणाच्या माळ्यावर, कोणा जुन्या चित्रपटगृहाच्या अडगळींत, पत्र्याची गंजलेली गोल डबी अद्याप असूं शकेल. तिला उग्र वास येत असेल, तीवर नांव नसेल. ती उघडून उजेडाकडे धरूं नका, दिव्याजवळ नेऊं नका आणि टाकूनहि देऊं नका. जाणत्या माणसांच्या हातीं, पुण्याच्या संग्रहालयांत, ती पोंचती करा. तींत ‘सिंहगड’ निघेलच असें नाहीं. पण कोणाच्या तरी श्रमांचे, कोणाच्या तरी पहिल्या धाडसाचे कांहीं क्षण तींत असतील. गड आला आणि सिंह गेला, ही खंत महाराष्ट्रानें साडेतीनशें वर्षें उराशीं बाळगली आहे. चित्रपटाच्या बाबतींत सिंह तर गेलाच, आणि गडहि आपल्या हातीं राहिला नाहीं. जे कांहीं बुरूज अजून उभे आहेत, तेवढे तरी आपण राखूं.